चावी कुणाकडे असते?

आकुर्डीच्या एका कॉलेजात मी तासिका तत्त्वावर समाजशास्त्र शिकवत होते. तासिका तत्त्व म्हणजे जेवढे तास घ्याल तेवढीच नोकरी. दिवाळी आली की कायम नोकरीतले लोक सुट्टीवर जायचे आणि आम्ही बेकार व्हायचो. अशाच एका दिवाळीच्या तोंडावर विभागप्रमुखांनी मला बोलावून घेतलं. युरोपातल्या एका विद्यापीठातल्या प्राध्यापक बाई येणार होत्या आणि त्यांना मराठी-इंग्रजी दोन्ही येणारी, गल्लीबोळ माहीत असलेली मदतनीस हवी होती. मोटारींच्या कारखान्यांमुळे वाढलेल्या दोन गावांचा त्यांना तुलनात्मक अभ्यास करायचा होता. एक त्यांचं गाव, स्लोव्हाकियातलं. दुसरं आमचं, पिंपरी-चिंचवडपासून चाकणपर्यंत पसरलेलं.

स्लोव्हाकिया नेमका कुठे आहे हे मी घरी जाऊन नकाशात बघितलं. वडील म्हणाले, "छोटा देश दिसतोय." ते दुचाकीच्या कारखान्यातून निवृत्त झाले होते आणि देश किती मोठा यावरून तिथली कंपनी किती मोठी असेल याचा अंदाज बांधायचे.

बाई पंचेचाळिशीच्या असतील. केस आखूड, पायात मजबूत बूट, बोलण्यात घाई नाही. पहिल्याच दिवशी त्यांनी मला नावाने हाक मारायला सांगितलं. मला ते जमलं नाही, मी मॅडमच म्हणत राहिले. त्यांचे वडीलही कारखान्यात होते हे कळल्यावर मात्र आमच्यातलं अवघडलेपण बरंच कमी झालं. त्यांच्या लहानपणी त्यांच्या गावात एकच सरकारी कारखाना होता. राजवट बदलली तसा तो बंद पडला, काही वर्षं गाव नुसतं बसून होतं, आणि मग एका परदेशी मोटार कंपनीने तिथे प्रकल्प टाकला. "तुमच्याकडे आणि आमच्याकडे एकाच प्रकारची गाडी तयार होते," त्या म्हणाल्या, "मग माणसंही एकसारखी जगायला लागतात का, एवढंच मला बघायचं आहे."

सुरुवात प्रश्नांचं मराठी करण्यापासून झाली. हे प्रश्न अनेक देशांत विचारले गेलेले होते, त्यामुळे त्यातला शब्दही हलवायचा नाही अशी अट होती. पहिलाच प्रश्न असा: साधारणपणे बहुतेक माणसांवर विश्वास ठेवता येतो असं तुम्हाला वाटतं का? मी तो नीट मराठीत आणला आणि आधी आईवर करून बघितला. आई बीडकडची. आकुर्डीत येऊन तिची हयात गेली, पण बोली तिने सोडलेली नाही.

"कोन्या मानसावर?" आई म्हणाली.

"कोणत्या असं नाही. बहुतेक माणसांवर."

"आगं, पर कोन्या? सगळ्यांवर मिळून एकदाच कसा ठिवायचा इस्वास? मानूस बघून ठिवावा लागतो."

मॅडमना मी हे सांगितलं तेव्हा त्या हसल्या. त्यांच्या आईनेही अगदी असंच म्हटलं होतं, आणि शेवटी कंटाळून 'नाही' सांगून टाकलं होतं. माझ्या आईनेही शेवटी 'नाही'च सांगितलं.

तीन ठिकाणं ठरली होती. आकुर्डीतली कामगारांची जुनी वसाहत, चाकणच्या बाजूला कामगारांनी भाड्याने घेतलेल्या खोल्या, आणि चऱ्होलीतली एक नवी सोसायटी. मी माझ्या दुचाकीवर मॅडमना मागे बसवून न्यायचे. वडिलांचं जुनं हेल्मेट त्यांना बरोबर बसलं. भोसरीच्या पुढे गेलं की रस्त्याच्या दोन्ही बाजूंना क्रेन दिसायला लागायच्या. मधेच एखादं कांद्याचं वावर, आणि त्याच्या बांधावर टू बीएचकेची जाहिरात. मॅडम मागून मोठ्याने विचारायच्या, "या शेताचा मालक कुठे राहतो?" आणि मी पुढून ओरडून सांगायचे, "बहुतेक त्या इमारतीतच."

काम चालू झालं आणि पंधरवड्यातच माझा उत्साह ओसरला. प्रश्नावलीत एक भाग होता: तुम्ही कोणत्या संस्थेचे सदस्य आहात का? जवळपास सगळे 'नाही' म्हणत. मॅडम शांतपणे शून्य मांडत. दुसरा प्रश्न: शेजाऱ्यांशी तुमचे संबंध किती जवळचे आहेत? त्यालाही तसंच उत्तर. चऱ्होलीच्या सोसायटीत दुसऱ्या मजल्यावर एक बाई होत्या, मूळच्या सांगलीकडच्या. त्यांनी तर स्पष्टच सांगितलं, "आमचं कुणाशी फार नाही हो. दार लावलं की आपण बरे." आणि हे सांगताना त्यांच्या हातात शेजारून आलेली फराळाची ताटली होती.

चाकणला एका माणसाने कुठल्याच संस्थेत नसल्याचं सांगितलं. बाहेर पडताना भिंतीवरचा फोटो बघून मी सहज विचारलं तर कळलं की तो त्यांच्या भागातल्या गणेश मंडळाचा अध्यक्ष. मी म्हटलं, "भाऊ, मग मघाशी नाही कशाला म्हणालात?"

"मंडळ ना ताई ते. संस्था कुठंय?" तो म्हणाला. त्याच्या दृष्टीने संस्था म्हणजे शाळा नाहीतर पतसंस्था.

परतताना आम्ही चहाला थांबलो आणि तिथे माझा पहिल्यांदा मॅडमशी वाद झाला. मी म्हटलं, "हे शून्य खोटं आहे. प्रश्न बदलायला हवा. मंडळ, भिशी, भजन, गावकी असं सगळं विचारायला हवं."

"इथे बदलला आणि तिकडे तोच राहिला, तर मी तुलना कशाची करू?"

"पण शब्द तेच ठेवले म्हणजे प्रश्न तोच राहतो असं थोडंच आहे?"

त्यांनी चहाचा कप खाली ठेवला. मग म्हणाल्या, "हा माझ्या विषयातला सगळ्यात जुना वाद आहे. मी तो विद्यार्थ्यांना शिकवते. चहाच्या टपरीवर मलाच कुणी शिकवेल असं वाटलं नव्हतं." त्या रागावल्या नव्हत्या, पण प्रश्नही बदलले नाहीत. शून्यं मांडणं चालू राहिलं. मी मुकाट्याने विचारत राहिले आणि मनातल्या मनात या कामाला नावं ठेवत राहिले. माझी माणसं कागदावर अशी एकटी, संशयी आणि कुढी दिसणार याचं मला खरोखर वाईट वाटत होतं.

मग ती सकाळ आली. चऱ्होलीच्या त्याच सोसायटीत, त्याच दुसऱ्या मजल्यावर, सांगलीच्या बाईंच्या समोरच्या घरात एका काकूंची मुलाखत ठरली होती. मुलगा आणि सून सकाळीच कामावर जात, दिवसभर काकू घरात एकट्या असत. आम्ही बेल वाजवली. दार उघडेना. आत कुकरच्या शिट्ट्यांवर शिट्ट्या होत होत्या आणि करपल्याचा वास येत होता. मी दार ठोठावलं, हाका मारल्या.

तेवढ्यात समोरचं दार उघडलं. सांगलीच्या बाई बाहेर आल्या, त्यांनी एकदा वास घेतला आणि तशाच परत आत गेल्या. आल्या तेव्हा त्यांच्या हातात किल्ली होती. स्वतःच्या घराचं दार उघडावं इतक्या सहज त्यांनी काकूंचं दार उघडलं.

काकू ओट्याजवळ पडल्या होत्या. बाईंनी आधी गॅस बंद केला, मग काकूंचं डोकं मांडीवर घेतलं. "यांना शुगर आहे," त्या मला म्हणाल्या, "वरच्या फळीवर निळ्या डब्यात साखर असेल, दे." साखर निळ्या डब्यातच होती. काकूंनी डोळे उघडले, पण हाताला धक्का लागताच कळवळल्या. मनगट मोडलेलं दिसत होतं. बाईंनी जिन्यात जाऊन खाली हाक मारली. पहिल्या मजल्यावरचा तिसऱ्या शिफ्टवरून येऊन झोपलेला माणूस बनियनवरच वर आला, काकूंना बघून उलट्या पावली गाडीची चावी आणायला गेला. सोसायटीचे चेअरमन, एका कारखान्यातून निवृत्त झालेले गृहस्थ, त्यांनी काकूंच्या मुलाला फोन लावला. चौथ्या मजल्यावर भाड्याने राहणारी एक मुलगी जिन्यातून उतरत होती. ती भोसरीच्या एका हॉस्पिटलात नर्स होती. तिने पिशवी खाली ठेवली आणि ओढणीने काकूंचा हात नीट बांधून दिला. बघता बघता काकूंना घेऊन गाडी निघून गेली. सांगलीच्या बाई मागे राहिल्या. त्यांनी करपलेला कुकर भिजत घातला, ओटा पुसला, दाराला कुलूप लावलं आणि किल्ली घेऊन आपल्या घरात गेल्या.

या सगळ्यात मॅडम भिंतीला टेकून उभ्या होत्या. जिना उतरताना त्यांनी मला विचारलं, "त्यांच्याकडे किल्ली कशी काय होती?"

"त्यांच्याकडेच असणार ना. समोर राहतात."

"पण त्या तर म्हणाल्या होत्या, शेजाऱ्यांशी फार नाही."

"नाहीच आहे. कधीमधी भांडतातही. चपलांच्या स्टँडवरून परवाच वाजलंय म्हणे."

मॅडम जिन्याच्या पायरीवरच बसल्या. त्या सांगायला लागल्या. त्यांच्या गावात त्यांची आई सिमेंटच्या एका जुन्या, उंच इमारतीत एकटी राहते. तिच्या घराची एक किल्ली तिसऱ्या मजल्यावरच्या बाईकडे असते. बाल्कनीतून ठिबकणाऱ्या पाण्यावरून त्या दोघींचं अनेक वर्षं वाकडं आहे, नाताळला एकमेकींना केक देतात तोही तोंड फिरवून. पण किल्ली कधी कुणी परत मागितली नाही. "माझ्या आईनेही लिहून दिलंय की तिचा शेजाऱ्यांवर विश्वास नाही," मॅडम म्हणाल्या. "मी स्वतः ते नोंदवलंय."

त्या दिवशी संध्याकाळी आमच्या आकुर्डीच्या घरात बसून आम्ही एक नवा प्रश्न तयार केला. जुने प्रश्न तसेच ठेवायचे, पण शेवटी हा एक विचारायचा, दोन्ही देशांत: घरातल्या माणसांशिवाय तुमच्या घराची चावी कुणाकडे असते? आईला विचारून बघितला. तिने चहा गाळता गाळता उत्तर दिलं, "खालच्या मास्तरीनबाईकडं. आन् त्यांची माज्याकडं." कोणती, कशी, का, असं तिने काही विचारलं नाही.

त्या प्रश्नानंतर आमच्या मुलाखतींचं रूपच पालटलं. आधी माणसं घड्याळाकडे बघायची, आता पाणी प्या, बसा म्हणायला लागली. जुन्या चऱ्होलीतले एक आजोबा म्हणाले, "कुलूप? आमी न्हाई लावत कुलूप. लेकीकडं चार दिस गेलो तर लावतो, आन् चावी भावकीत ठिवतो. भांडान हाय त्यांच्याशी कोर्टात, पन चावी तिथंच." चाकणला एका खोलीत वेगवेगळ्या शिफ्टला जाणारी पाच पोरं राहत होती, धाराशिवची, हिंगोलीची, एक बिहारचा. त्यांची चावी दाराबाहेर मीटरच्या मागे असायची. "राव, आमच्याकडं न्यायला काय हाय?" त्यातला एक म्हणाला. मग म्हणाला, "पण दुसऱ्या कुणाला नाही सांगत बरं का जागा. फक्त वरच्या खोलीतल्या वहिनींना माहिती हाय." एका इंजिनिअर जोडप्याच्या दाराला आकडे दाबायचं कुलूप होतं. ते आकडे स्वयंपाकाच्या मावशींना ठाऊक होते, सासूबाईंना नव्हते. हे त्या सूनबाईंनी हळू आवाजात सांगितलं.

आणि काहींकडून मात्र नुसतं "कुणाकडेच नाही" असं उत्तर यायचं. चौथ्या मजल्यावरची ती नर्स त्यातली. ती परभणीची. सोसायटीत एकट्या मुलीला घर द्यायला आधी काही लोकांनी खळखळ केली होती, घरमालकाने कशीबशी परवानगी मिळवली होती. "कुणाला देणार चावी?" ती म्हणाली. "एकदा आत विसरून बाहेर पडले तेव्हा कुलूप तोडायला माणूस बोलवावा लागला. सगळे दार उघडून बघत होते, बोललं कुणी नाही." तिची मुलाखत संपवून आम्ही खाली आलो तेव्हा मॅडमना हळहळ वाटत होती. मला तर परत वर जाऊन सांगलीच्या बाईंना, त्या मुलीची चावी तुम्हीच ठेवा ना, असं सांगावंसं वाटत होतं. पण एकाने सांगितलेलं दुसऱ्याला सांगायचं नाही हा आमच्या कामातला पहिला नियम होता. आम्ही तसेच दुचाकीकडे गेलो.

सांगायची वेळ आलीच नाही. काकू हाताला प्लॅस्टर घालून घरी आल्या. त्या नर्सने आपणहून खाली येऊन त्यांची चौकशी केली, मग रोज ड्यूटीवर जाता-येता शुगर तपासून द्यायला लागली. सांगलीच्या बाईंना लेकीच्या बाळंतपणाला जायचं होतं. एके दिवशी काकूंच्या मुलाने त्या मुलीला विचारलं, "ताई, आम्ही दोघं दिवसभर बाहेर असतो. आमची एक चावी तुमच्याकडे ठेवाल का?" हे आम्हाला काकूंनीच सांगितलं, मुलाखतीच्या वेळी. दुसऱ्याची चावी आधी त्या मुलीकडे आली, आणि काही दिवसांनी तिची चावी काकूंकडे गेली.

मॅडमनी ते ऐकलं आणि माझ्याकडे बघितलं. "आता तिचं उत्तर बदललं," त्या म्हणाल्या.

"मग आपण काय करायचं?"

"काही नाही. तिने त्या दिवशी सांगितलं तेच ठेवायचं. आपण तळटीप देऊ." तळटीप देताना कुणाचा चेहरा इतका खुललेला मी आधी बघितला नव्हता.

थंडी सरता सरता त्या परत गेल्या. तिकडे त्यांनी तोच प्रश्न विचारायला सुरुवात केली. दर आठवड्याला आम्ही व्हिडिओ कॉलवर बोलायचो. हळूहळू चित्र उमटायला लागलं आणि ते आम्हा दोघींनाही अपेक्षित नव्हतं. तिकडच्या जुन्या इमारतींमधल्या माणसांचं चावीचं उत्तर आकुर्डीच्या जुन्या वसाहतीसारखंच येत होतं. शेजारी वाईट आहेत, दिवस बदललेत, कुणाचा भरवसा नाही, आणि चावी? ती समोरच्यांकडे. त्या मोटार कारखान्यात कामाला आलेली सर्बियाची, युक्रेनची माणसं वसतिगृहात राहत होती, आणि त्यांचं उत्तर आमच्या नर्ससारखं होतं. भारत इकडे आणि युरोप तिकडे अशी रेघ मारता येईना. रेघ दोन्ही गावांच्या पोटातूनच जात होती. एका बाजूला रुजलेली माणसं, दुसऱ्या बाजूला नुकतीच आलेली. कॉलेजात मी इतकी वर्षं पूर्वेकडचे समाज असे आणि पश्चिमेकडचे तसे, असं फळ्यावर दोन रकाने पाडून शिकवत आले होते. त्या वर्षी मी तो फळा मधे रेघ न मारता वापरायला लागले. मुलांना आधी ते अवघड गेलं, परीक्षेत काय लिहायचं म्हणून त्यांनी विचारलं. मग ती स्वतःच आपापल्या गल्लीतली उदाहरणं आणायला लागली आणि तास संपल्यावरही वर्गात थांबायला लागली.

काम पूर्ण झाल्यावर मॅडमनी हट्टाने एक गोष्ट करायला लावली. ज्यांनी उत्तरं दिली त्यांना निष्कर्ष सांगायचे. आमच्या कॉलेजच्या सभागृहात एका रविवारी सकाळी आम्ही सगळ्यांना बोलावलं. चऱ्होलीहून बरेच जण आले, चाकणची पोरं एका टेम्पोत बसून आली, आई खालच्या मास्तरीणबाईंना घेऊन पहिल्या रांगेत बसली. मॅडम पडद्यावर होत्या. मी मराठीत सांगत होते.

माझं बोलून झाल्यावर चेअरमन उठले. "मॅडमना विचारा," ते म्हणाले, "म्हणजे आम्ही त्यांच्या मागे आहोत का पुढे?"

मी विचारलं. मॅडम म्हणाल्या, "मागे-पुढे असं मला काही सापडलं नाही. आपण दोघंही एकाच ठिकाणी चुकतो. जो शेवटी आला त्याला चावी द्यायला आपल्याला फार वेळ लागतो."

मागून चाकणच्या एका पोराने विचारलं, "तिकडच्या वसतिगृहातल्या लोकांचं मग काय झालं?" मॅडमनी सांगितलं की गावातल्या काही निवृत्त कामगारांनी त्यांच्यासाठी शनिवारी भाषेचे वर्ग सुरू केले आहेत, फार लोक येत नाहीत, पण वर्ग बंद पडलेला नाही. पोराने मान डोलावली. "वर्ग चालू असला म्हणजे झालं," तो म्हणाला.

चेअरमन जाताना माझ्याशी काही बोलले नाहीत. मला वाटलं, दुखावले. पण पुढच्याच महिन्यात काकूंकडून कळलं की सोसायटीच्या व्हॉट्सअॅप ग्रुपमध्ये आता भाडेकरूंनाही घेतलंय, आणि पाण्याचा टँकर कधी येणार हे सगळ्यांना एकदमच कळतं. चेअरमननी सभेत फार काही भाषण केलं नाही म्हणे. "राहतात तर असू द्या ग्रुपात," एवढंच म्हणाले. दोघातिघांनी कुरकुर केली, पण निर्णय झाला.

मला आता त्या विद्यापीठात संशोधनासाठी जागा मिळाली आहे. येत्या पावसाळ्यानंतर मी मॅडमच्या गावी जाईन आणि तिथल्या वसतिगृहांत, इमारतींत मुलाखती घेईन. त्यांच्यासारखंच मीही कुणाच्या तरी मागे बसून फिरेन, आणि कुणीतरी माझे प्रश्न त्यांच्या भाषेत नेताना वैतागेल. मला त्याची थोडी भीती वाटते आणि बरीच उत्सुकता आहे. भाषा मात्र आतापासूनच शिकते आहे. मॅडमची आई दर रविवारी दुपारी व्हिडिओवर मला शिकवते. तिला इंग्रजी येत नाही, त्यामुळे ती वस्तू हातात धरून तिचं नाव सांगते आणि मी ते म्हणते. माझे उच्चार ऐकून ती हात हलवते, पुन्हा म्हण असं खुणावते, आणि मी पुन्हा म्हणते.

गेल्या रविवारी आई माझ्यामागे येऊन उभी राहिली. पडद्यावरची म्हातारी खिडकीतून खालचं झाड दाखवत होती. आई बराच वेळ बघत होती.

"आलुबुखार हाय का ते?" तिने विचारलं. "विचार की तिला, फळं कोन खातं त्या झाडाची? समद्या बिल्डिंगीत वाटत्यात का?"

मला एवढं लांब वाक्य त्यांच्या भाषेत येत नव्हतं. मी शब्दकोश उघडला आणि एकेक शब्द शोधायला लागले. ती म्हातारी पलीकडे वाट बघत थांबली, आणि आई खुर्ची ओढून माझ्या शेजारी बसली.